गजभियेबाईंच्या पोटात एक्केचाळीस दिवस

न्यूझीलंडमध्ये, वेलिंग्टनच्या जॉन्सनव्हिल भागातल्या मंडळात एखादी गोष्ट सगळ्यांना कळवायची असली, की लोक ती स्नेहलता गजभियेंना ‘तुमच्यापुरतीच ठेवा’ म्हणून सांगत. हा लौकिक बाईंना मान्य नव्हता. आपण बातमी उधळत नाही, एक दिली की समोरच्याकडून एक घेतो, असं त्या म्हणत. हा व्यवहार त्या वीस वर्षं चोख करत आल्या होत्या.

म्हणूनच धम्मदीनानं सोमवारी सकाळी आईला समोर बसवलं आणि आधी मोबाइल काढून घेतला.

धम्मदीना ही त्यांची एकुलती एक. वय तेहतीस. जपानी ॲनिमे म्हणजे कार्टून मालिकांतली माणसं जपानीत बोलतात, तीच इंग्रजीत बोलावीत म्हणून आवाज देणारे लागतात, त्यांपैकी ती एक. पडद्यावर ओठ जेवढा वेळ हलतात तेवढ्यात वाक्य बसवायचं, एक अक्षर पुढे नाही की मागे नाही. त्यासाठी तिनं आपल्या खोलीतलं कपाट रिकामं करून आतून गोधड्या ठोकल्या होत्या. कानाला हेडफोन लावून ती आत उभी राही, अमेरिकेतला दिग्दर्शक कॉम्प्युटरवरून ऐके आणि “अगेन” म्हणे, की पुढचा टेक सुरू. ती नागपुरात जन्मली, सहाव्या वर्षापासून वेलिंग्टनमध्ये वाढली. आईशी एक, बसड्रायव्हरशी दुसरा आणि माइकशी तिसरा असे तीन सूर तिच्या गळ्यात होते, आणि ते एकमेकांत कधी मिसळले नाहीत. तरी अकरा वर्षांची जमा काय, तर दुसरी भाजीवाली, जखमी शिपायाची बहीण, दोन भाग टिकलेला एक बोलका बेडूक, आणि बाकी सगळी गर्दी. बेडूक मेला त्या आठवड्यात बाई नीट जेवल्या नव्हत्या.

आणि आता मुख्य भूमिका. चोवीस भाग, जहाजाची कप्तान, सगळ्यांवर हुकूम सोडणारी. पण कंपनी स्वतः जाहीर करेपर्यंत बाहेर एक शब्द गेला, तर भूमिका दुसरीला. करारात तसं लिहिलं होतं, आणि मागच्या वर्षी एका मुलीचं तसं झालंही होतं. एका फोटोपायी.

“किती दिवस?” बाईंनी विचारलं.

“एक्केचाळीस. आई, कुणालाच नाही. लीलामावशीला तर नाहीच नाही.”

बाईंनी मान हलवली, मोबाइल परत घेतला आणि आठ दिवस खरोखर कळ काढली. नवव्या दिवशी त्या लीला मेश्रामांकडे चहाला गेल्या. लीलाची सून नीता बँकेत मॅनेजर झाली होती. ही गोष्ट लीलानं दारात सांगितली, चहा गाळताना सांगितली, आणि बिस्किटांचा डबा उघडताना, जणू आत्ताच आठवल्यासारखी, पुन्हा सांगितली. समोरून तीनदा जमा आणि आपल्याकडून शून्य, हे बाईंना सोसलं नाही. “कुणाला बोलू नको हं,” असं म्हणून त्यांनी जपान, इंग्रजी, निवड आणि चोवीस भाग हे सगळं एका दमात सांगून टाकलं. घरी येईपर्यंत त्यांना आपली चूक उमगली. लीलाला त्यांनी लगेच फोन करून शपथ घातली, आणि लीलानं ती घेतलीही.

बाराव्या दिवशी मंडळाचा सेक्रेटरी सुगत रामटेके याचा फोन आला. बुद्धपौर्णिमेच्या कार्यक्रमात गुणवंतांचा सत्कार आहे, धम्मदीनाचं नाव यादीत घेतलंय, फोटो पाठवा, संध्याकाळी सहाला फेसबुकवर टाकतोय. बाईंनी फोन ठेवला आणि घड्याळ पाहिलं. चार वाजले होते. मुलगी कपाटात होती. तिला सांगावं, तर करार मोडल्याचं सांगावं लागणार. न सांगावं, तर सहा वाजता सगळ्या जगाला कळणार. त्यांनी जॅकेट चढवलं आणि वाऱ्याशी भांडत सुगतच्या घराचा चढ चढायला लागल्या. अर्ध्या चढावर त्यांनी ठरवलं की वेळ पडली तर सुगतचे पाय धरायचे. तो आपल्यापेक्षा वीस वर्षांनी लहान आहे, हे मनात आलं, पण त्यांनी ते बाजूला सारलं.

“जय भीम, ताई. अहो, फोटो व्हॉट्सॲपवर पाठवला असता तरी चाललं असतं,” म्हणत सुगतनं त्यांना बसवलं आणि लॅपटॉप त्यांच्याकडे वळवला.

नीता मेश्रामच्या नावाखाली लिहिलं होतं: धम्मदीना गजभिये, जपानमधील शाळेत इंग्रजी शिकवण्यासाठी निवड, चोवीस विद्यार्थी.

बाईंनी ते दोनदा वाचलं. लीलानं शपथ मोडून नीताला सांगितलं होतं, नीतानं गाडी चालवता चालवता सुगतच्या बायकोला, तिनं नळ चालू असताना सुगतला. चौघांनी मिळून गुपिताची अशी मोडतोड केली होती, की आता ते कंपनीच्या वकिलालाही ओळखू आलं नसतं. बाईंचा जीव भांड्यात पडला. पण तो पडतो न पडतो तोच त्यांना राग आला. अकरा वर्षांची मेहनत, आणि काय तर चोवीस विद्यार्थी. जिभेवर आलेलं वाक्य त्यांनी दातांनी धरून ठेवलं.

तेवढ्यात आतून सुगतची पंधरा वर्षांची आरुषी आली. तिच्या टीशर्टवर निळ्या केसांची, ताटाएवढ्या डोळ्यांची मुलगी होती.

“आँटी, धम्मादीदी व्हॉइसेस करते ना? मग जपान म्हणजे ॲनिमे असणार. इज इट अ डब?”

साऱ्या मंडळात एवढी एकच मुलगी हे जाणणारी, आणि तिच्या हातात फोन. खोटं बोलावं, तर चारच दिवसांनी पौर्णिमेला सगळ्यांसमोर पंचशील घ्यायचं, त्यातलं चौथं नेमकं खोटं न बोलण्याचं. खरं बोलावं, तर जहाज बुडालं. वीस वर्षांत जे शिकल्या होत्या ते सगळं त्यांनी त्या क्षणी पणाला लावलं.

“किती वाळलीस ग,” त्या म्हणाल्या. “जेवतेस का नाही? परीक्षा कधी तुझी?”

परीक्षेचं नाव निघताच सुगत आरुषीकडे वळला आणि बापलेकीचं जे सुरू झालं त्यात डब वाहून गेलं. बाईंनी सावकाश चहा संपवला. मग एकेक वाक्य तपासून बोलल्या. नाव काढून टाका. जपानला जायचं काही नाही. सध्या ती घरीच असते. तिन्ही वाक्यं खरी होती. बाईंनी मनात खूण केली.

सुगतनं ओळ पुसली आणि आवाज खाली आणला. “होतं असं, ताई. माझ्या ऑफिसात रिसेप्शनला जागा निघतेय. फॉर्म देऊ?”

फॉर्म घेऊन बाई उतरल्या.

पौर्णिमेला त्यांनी नीताच्या सत्काराला टाळ्या वाजवल्या. जपानची नोकरी हुकली असं समजून तिघीचौघींनी येऊन पाठीवर हात ठेवला. एकीनं धम्मदीनासाठी हॅमिल्टनचं एक स्थळ सुचवलं. बातम्या देणाऱ्या बाईंना आयुष्यात पहिल्यांदा फक्त घ्यावं लागत होतं, आणि घेतलेलं गिळावं लागत होतं. घरी आल्यावर त्यांनी लेकीला सगळं कबूल केलं. धम्मदीनाचा चेहरा आधी पांढरा पडला, मग ‘चोवीस विद्यार्थी’ ऐकून ती जमिनीवर बसून हसली. हसून झाल्यावर मात्र तिनं मोबाइल पुन्हा काढून घेतला.

अडतिसाव्या दिवशी सकाळी लीला समाचाराला आली, डब्यात पुरणपोळ्या घेऊन. त्या सकाळी धम्मदीना आरोळ्या रेकॉर्ड करत होती. आरोळ्यांनी गळा बसतो, म्हणून त्या शेवटी एकत्र उरकतात: मार लागल्याचा आवाज, पडल्याचा, आणि जहाज बुडताना कप्तान फोडते तो टाहो. लीला सोफ्यावर टेकली, आणि गोधड्यांच्या सात पदरांतून तो टाहो बाहेर आला.

लीला उभी राहिली. “धम्मा?”

बाईंनी मान खाली घातली.

पुन्हा टाहो, या वेळी लांब. दिग्दर्शकानं “अगेन” म्हटलं असणार. लीलाचे डोळे भरले. “एवढं लावून घेतलं पोरीनं? मी जाते तिच्याजवळ.”

बाईंनी तिचा हात धरला. एका वाक्यात सगळं उलटलं असतं. नीता, बँक, हॅमिल्टनचं स्थळ, सगळं एका वाक्यात चुकतं झालं असतं. ते वाक्य ओठांवर होतं.

“राहू दे,” त्या म्हणाल्या. “एकदा मनासारखं होऊ दे तिच्या.”

तिसऱ्या टाहोला लीला पदर तोंडाला लावून, डबा तिथेच ठेवून निघून गेली.

तासाभरानं धम्मदीना कपाटातून बाहेर आली, घामाघूम, केस विस्कटलेले. बाईंनी कोमट पाणी पुढे केलं. घोट घेऊन ती घोगऱ्या आवाजात म्हणाली, “बाहेर ऐकू आलं? खरं सांग, कसं झालं?”

“लीला रडली,” बाई म्हणाल्या.

धम्मदीनानं डबा उघडला, पोळीचा तुकडा मोडला आणि विचारलं, “कितव्या टेकला?”