लोखंडाला हात

एल्विओ स्कार्पेलीनी बऱ्याच दिवसांनी कामावर आले होते. चाळीस सिनेमांना संगीत दिलेला माणूस, पण रेकॉर्डिंगच्या हॉलचं दार त्यांनी परक्यासारखं हळूच ढकललं. आत अठ्ठावीस वादक बसले होते. एल्विओ दिसताच एकेकाचा हात हळूच समोरच्या लोखंडी स्टँडवर गेला.

अपशकुनी माणूस आला की लोखंडाला हात लावायचा, हे रोममध्ये शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. त्याचं नावही तोंडातून काढायचं नाही. दोन वर्षांपूर्वी एल्विओंच्या एका सिनेमाच्या पहिल्याच खेळाला निर्माता खुर्चीत बसल्याबसल्या गेला. मग दुसऱ्या सिनेमाची रिळं जळाली, तिसऱ्याच्या नायिकेचा पाय मोडला. कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली, पण सिनेमावाल्यांना कोण समजावणार? एल्विओ पांढऱ्या पायाचे ठरले. फोन येईनासे झाले, आणि नाव टाळून लोक त्यांना नुसतं ‘मास्त्रो’, म्हणजे उस्ताद, म्हणू लागले.

चेलो वाजवणारा ओत्तोरिनो तेवढा उठून आला. शाळेपासूनचा मित्र. त्याने हात घट्ट दाबला.

“एल्विओ, काय रे हे तोंड? बारशाला आलायस की मयताला?”

“हळू. नाव नको घेऊस माझं.”

“पन्नास वर्षं घेतोय. एल्विओ, एल्विओ, एल्विओ. मेलो का? माझी बायको मला तुझ्यापेक्षा जास्त बाधलीय.”

काचेपलीकडून टीव्हीचे साहेब बोन्फिल्यी माइकवर बोलले, “मास्त्रो, वरच्यांशी भांडून आणलंय तुम्हाला. आजचा दिवस धड गेला, तर मालिकेचे पुढचे बाराही भाग तुमचे. नाही तर माझाही इलाज नाही.”

बारा भाग म्हणजे पुन्हा माणसांत येणं. एल्विओंनी मान हलवली.

पहिली दोन वादनं जमली नाहीत. तिसरं मात्र सुरेख लागलं. समोरच्या पडद्यावर मालिकेतली होडी किनारा सोडत होती आणि चेलो बरोबर तिच्यामागे चालला होता. तेवढ्यात ओत्तोरिनोच्या काळ्या बाहीवर पांढरी भुकटी पडलेली दिसली. एल्विओंनी वर पाहिलं. छताला टांगलेल्या जाडजूड दिव्याचा आकडा गिलाव्यातून बोटभर बाहेर आला होता.

हात ताल देतच राहिला. आपण सांगितलं आणि दिवा पडला, तर आपल्यामुळेच पडला म्हणतील. पडला नाही, तर म्हातारा भ्रमिष्ट झाला म्हणतील. वादन संपायला चाळीस सेकंद उरले होते. चाळीस सेकंद तो टिकेलही, कुणाला काही कळणार नाही. आठ सेकंद एल्विओ नुसता ताल देत राहिले, आणि त्या आठ सेकंदांची लाज त्यांना मरेपर्यंत पुरणार होती.

मग त्यांनी ताल द्यायची छडी टाकली.

“ओत्तोरिनो, ऊठ. ताबडतोब. बाकीचे मागे सरका.”

“अरे, इतकं छान चाललं होतं—”

“ऊठ म्हणतो ना.”

कुरकुरत ओत्तोरिनो चेलो घेऊन उठला. तीन पावलं गेला असेल नसेल, दिवा खाली आला. खुर्चीचा चुरा झाला.

कुणालाही ओरखडासुद्धा आला नाही. हॉलमध्ये धूळ खाली बसत होती. मागून कुणी तरी पुटपुटलं, “ह्यांना आधीच कसं कळलं?” त्याबरोबर सगळे हात पुन्हा लोखंडावर गेले, आणि या वेळी कुणी ते लपवलेही नाहीत. काचेपलीकडे बोन्फिल्यी फायली गोळा करत होते.

एल्विओ धावत मित्राजवळ गेले. “लागलं नाही ना रे?”

ओत्तोरिनोचा चेहरा पांढराफटक पडला होता. त्याने खुर्चीच्या चुऱ्याकडे पाहिलं. मग एक पाऊल मागे सरला.

“नाही,” तो म्हणाला. “आभारी आहे, मास्त्रो.”

त्याचा डावा हात कोटाच्या खिशात होता, आणि आत किल्ल्या वाजत होत्या.