कुंपणावरचे दोन फूट

मी एक पाटी आहे. आज माझ्या अंगाला टेकून कोंबड्या झोपतात, पण एके काळी मी नेब्रास्कातल्या प्लम क्रीक गावच्या बेसबॉल मैदानाच्या कुंपणावर मिरवत होते. माझ्यावरचा मजकूर गावाला तोंडपाठ होता: 'मला चेंडू मारा, ह्रुस्काकडून सूट फुकट न्या!'

अँटन ह्रुस्का हा गावातला एकुलता एक शिंपी. त्यानेच फळ्या जोडून मला घडवलं आणि पिवळ्या रंगाने रंगवलं. माणूस दिलदार, पण हिशेबी. माझी जागा त्याने अशी निवडली, की तिथवर चेंडू पोचवायला रेड्याचा जोर लागावा. कुणाला सूट शिवून द्यावा लागणार नाही, याची त्याने चोख व्यवस्था केली होती.

आमच्या संघाचं नाव पेलिकन्स. गावात पेलिकन हा समुद्रपक्षी कुणी पाहिला नव्हता, समुद्र तर त्याहून नाही. पण लांबच्या कुठल्याशा बंदरावरचा संघ बंद पडला, त्यांचे कपडे स्वस्तात मिळाले आणि छातीवरचे पक्षी उसवायचा सगळ्यांना कंटाळा आला. मेलेल्या संघाचे कपडे घालून आम्ही जन्माला आलो, तरी पहिल्या सामन्याला सगळा गाव असा नटून आला, जणू हा संघ नातवंडांच्या काळापर्यंत खेळणार आहे.

मे महिन्यात ह्रुस्काच्या डोक्यात आलं, की प्रेक्षकांच्या बाकांमागून जाणाऱ्या आगगाडीतूनही मी दिसले पाहिजे. त्याने मला काढलं आणि कुंपणाच्या वरच्या कडेपेक्षा दोन फूट उंच ठोकलं.

"काय हो ह्रुस्का," संघाचा मॅनेजर टटल खालून ओरडला, "देवाचं माप घेताय की काय?"

"शिकागोवाल्यांना दिसू दे जरा!"

"शिकागोवाले आपलं गाव येतं तेव्हा घोरत असतात हो!"

मला मात्र फार बरं वाटलं. खाटकाच्या आणि खतवाल्याच्या जाहिराती आता माझ्या पायाशी होत्या. खोटं कशाला बोलू, मी जरा चढूनच गेले.

आमचा मोठा फटकेबाज डेल्बर्ट नायक्विस्ट. वय चौतीस, दोन्ही गुडघे कुरकुरणारे. जूनमध्ये बहिणीचं लग्न होतं, म्हणून त्याला सूट हवा होता. रोज माझ्याकडे रोखून बघत तो बॅट फिरवायचा आणि चेंडू मधेच कुणाच्या तरी हातात विसावायचा. शेवटी बिचारा टटलच्या कोटात लग्नाला गेला. बाह्या कोपरापर्यंत आल्या होत्या म्हणे.

ऑगस्ट संपेपर्यंत आम्ही तळाला होतो. सामने भरवणाऱ्या लीगने कळवलं, शेवटच्या क्रमांकाचा संघ पुढच्या वर्षी नाही. अखेरचा सामना जिंकला तर आम्ही एक पायरी वर सरकणार होतो. हरलो तर मैदानाला कुलूप. आणि डेल्बर्टला या गुडघ्यांसकट दुसरा कुठलाही संघ घेणार नव्हता.

त्या सामन्यात आम्ही एका धावेने मागे होतो. पहिल्या बेसवर आमचा जाडजूड रे पिटमन आणि फलंदाजीला डेल्बर्ट. आमचा आणखी एक जण बाद झाला की खेळ खलास. चेंडू कुंपणापलीकडे गेला की होमरन, दोघांच्या दोन धावा, आणि गावाचा संघ वाचला.

डेल्बर्टने असा टोला हाणला, की बाकांवरची माणसं आवाजानेच उभी राहिली. चेंडू कुंपणाच्या वरून जाणार, हे सगळ्यांच्या आधी मला दिसलं. पण कुंपणाच्या वर मी होते.

तो थाडकन माझ्या छातीवर आदळला आणि उलटा मैदानात पडला, म्हणजे होमरन नाही, खेळ चालूच. इकडे होमरन झालाच असं धरून रे टोपी हलवत, बाकांवरच्या मावश्यांना हसत रमतगमत निघाला होता.

"पळ! अरे पळ टोणग्या!" टटल किंचाळला.

रे पळाला, पण शेवटच्या बेसवर पोचला तेव्हा चेंडू त्याच्या आधी तिथे हजर होता. रे बाद. सामना गेला, संघही गेला. मागून कुणीतरी म्हणालं, "सूट मात्र जिंकला हो पठ्ठ्याने!"

दुसऱ्या दिवशी ह्रुस्काने मला उतरवून दुकानाच्या मागच्या खोलीत लपवलं. लोक मला जाळतील, अशी त्याला धास्ती होती. डेल्बर्ट मापाला आला तो तिथेच.

"लोक म्हणतात, मी सुटासाठीच तिथे मारला."

"मूर्ख आहेत लेकाचे. हात वर कर." ह्रुस्काने छातीभोवती टेप धरली. "डेल्बर्ट, ते दोन फूट... माझेच रे."

"ठाऊक आहे. सूट मला जूनमध्ये हवा होता, अँटन. काल नको होता."

ह्रुस्काने बायकोच्या भावासाठी जपलेलं उंची कापड काढलं. तसा सूट त्याने आयुष्यात दुसरा शिवला नाही. तो घालून डेल्बर्ट नोकरी शोधायला आगगाडीने शिकागोला गेला. माझी जागा बघायची म्हणून खिडकीशी बसलेला तो पहिला प्रवासी असावा, पण कुंपणावर मी नव्हते.

आता मैदानात मका आहे आणि मी ह्रुस्काच्या खुराड्याची भिंत. छातीवरचा खळगा अजून आहे, त्यात एक कोंबडी डोकं टेकवते. उद्या हे खुराडंही मोडेल. तेव्हा मला चुलीत घाला, नाहीतर दुसरीकडे ठोका, माझी तक्रार नाही. फक्त ठोकण्याआधी कुंपणाची उंची बघा, आणि मला तिच्या खालीच ठेवा.