ऑक्लीला दिलेला शब्द

आज आपण येणार नाही, हे सांगायला बर्ट्रम ऑक्ली स्वतः आला होता.

लँबर्ट पास्कोला यात काही वावगं वाटलं नाही. पार्लमेंटच्या चहाच्या खोलीत माणसं याहून विचित्र गोष्टी गंभीर चेहऱ्याने बोलत. ऑक्ली समोरच्या खुर्चीत कधी येऊन बसला ते कळलंच नव्हतं. लँबर्टच्या बशीतल्या भाजलेल्या पावाकडे तो जुनी ओळख असल्यासारखा बघत होता. अंगात काळा कोट, गळ्यात टाय आणि पायात घरातल्या सपाता. पण त्याचा अंगठा सुजायचा हे सगळ्यांना ठाऊक होतं, तेव्हा सपातांचंही काही विशेष नव्हतं.

"जोडी लाव माझ्याशी," ऑक्ली म्हणाला. "मला घरी जायचंय."

जोडी हा तिथला साधा व्यवहार. सरकारी बाकांवरच्या एकाने आणि विरोधी बाकांवरच्या एकाने ठरवून मतदानाला गैरहजर राहायचं. एक होकार आणि एक नकार एकमेकांना खाऊन टाकतात, आणि दोघेही आपापल्या कामाला मोकळे. याला कागद नाही, सही नाही, साक्षीदार नाही. नुसता शब्द. बाकीचे सगळे शब्द त्या इमारतीत जेवणाआधी एक आणि जेवणानंतर एक असे बदलत. हा मात्र कुणी फिरवत नसे.

ऑक्ली सरकारी बाजूचा, लँबर्ट विरोधी. त्या शुक्रवारी बेटांकडे जाणाऱ्या बोटींचं अनुदान बंद करणारं विधेयक होतं. लँबर्टच्या मतदारसंघात हॅलन नावाचं एक बेट होतं, त्यावर तीनेकशे माणसं, त्याहून जास्त मेंढ्या आणि त्याची थोरली बहीण लोवेना. अनुदान गेलं की बोट जाणार, आणि बोट गेली की डॉक्टर, पोस्ट आणि पाव हे तिन्ही पोहत यायला लागणार. लोवेनाने आदल्या दिवशी फोन करून बजावलं होतं की मेलेल्या माणसांची चरित्रं सोमवारपासून लिही, उद्या जिवंतांसाठी मत दे. त्यानेही देतो म्हणून सांगितलं होतं.

पण जोडी लावली म्हणून काय बिघडत होतं? ऑक्लीचा होकारही गेलाच की. नकार दिल्यासारखंच झालं, आणि वर दुपार मोकळी.

लँबर्टला दुपारी मोकळ्या लागत. सव्वीस वर्षं तो निवडून येत होता आणि या काळात त्याच्या पक्षाने त्याला एकही पद दिलं नव्हतं, अगदी स्वयंपाकघराच्या समितीवरसुद्धा घेतलं नव्हतं. तो राजकारण्यांची चरित्रं लिही. तीही ज्यांचं काहीच झालं नाही अशांची. यशस्वी माणसांवर लिहायला पुष्कळ लोक होते. त्याच्या पाचही पुस्तकांचा खात्रीचा वाचक एकच, बर्ट्रम ऑक्ली. तो छापण्याआधी प्रत मागून नेई आणि समासात मोरंब्याचे डाग पाडून परत देई.

सहावं पुस्तक सेप्टिमस क्रेलवर होतं. क्रेल हा ऐंशी वर्षांपूर्वी लँबर्टच्याच मतदारसंघाचा खासदार. त्याने एका आजारी विरोधकाशी जोडी लावली, शब्द दिला, आणि ऐन वेळी जाऊन मत टाकलं. त्या एका मताने हॅलनला दगडी धक्का मिळाला. बोट अजून त्याच धक्क्याला लागते. क्रेलला काय मिळालं, तर पुढे त्याच्याशी कुणी जोडी लावेना. त्यामुळे त्याला कुठलंही मतदान चुकवता येईना, आणि अकरा वर्षं तो अधिवेशन चालू असताना एकदाही घरी गेला नाही. आई गेली तेव्हाही नाही. लँबर्टने त्याला सात पानं झोडपलं होतं. त्यातलं एक वाक्य त्याला स्वतःलाच फार आवडे: 'शब्द मोडणाऱ्याला कारण नेहमी चांगलंच सापडतं.'

सभागृहात क्रेलची जागा शेवटच्या बाकाच्या टोकाला होती. लँबर्ट तिथेच बसे. बाकी सगळी बाकं थंडगार असत आणि ती जागा मात्र, कधीही जा, कुणीतरी नुकतंच उठून गेल्यासारखी ऊबदार. खालून वाफेचा नळ जात असावा, असं लँबर्टचं मत होतं. नळ तिथून जात नाही, असं नळवाल्याचं मत होतं.

"क्रेलवरचं प्रकरण वाचलं मी," ऑक्ली म्हणाला. "जरा जास्तच मारलंयस त्याला."

"शब्द मोडला त्याने."

"तू नाही ना मोडणार?"

लँबर्टने हसून हात पुढे केला. ऑक्लीचा हात गार होता. मग तो सपाता घासत दाराकडे गेला आणि लँबर्टने पाव संपवला.

प्रू हॅझल्डीन त्याला दुपारी ग्रंथालयात सापडली, म्हणजे तिने त्याला शोधून काढलं. ती त्याच्या पक्षाची प्रतोद, मतदानाला माणसं हाकून आणणं हे तिचं काम. एकदा तिने भूल न उतरलेला एक सदस्य चाकाच्या खुर्चीतून आणला होता आणि त्याने मत बरोबर दिलं होतं.

"ऑक्ली गेला," ती म्हणाली.

"हो, घरी जायचं म्हणत होता."

"वारला, पास्को. पहाटे, झोपेत. बायको चहा घेऊन गेली तेव्हा कळलं."

लँबर्टने टोपण लावून पेन खाली ठेवलं. मग सकाळची हकिकत सांगितली, सपातांसकट. भुताबद्दल प्रूला काही विचारायचं नव्हतं, तिला नियम पाहायचा होता.

"माणूस मेला की जोडी सुटते," ती शेवटी म्हणाली.

"पण ही लागलीच तो मेल्यानंतर."

नियमात हे बसत नव्हतं, म्हणून प्रू आकड्यांकडे वळली. तिने गणित मांडून दाखवलं. ऑक्ली कमी झाला होता, आणि आता लँबर्टही बसून राहिला तर दोन्ही बाजू अगदी बरोबरीत येत होत्या. बरोबरी झाली तर अध्यक्ष रिवाजाप्रमाणे विधेयक पुढे जाऊ देणार. लँबर्टने नकार टाकला तर ते तिथेच पडणार.

"कुणाला सांगितलंत हे?"

"नाही."

"मग सांगू नका. चला."

"हात दिलाय मी त्याला, प्रू."

"तुमच्या बेटावर तीनशे माणसं आहेत. आणि ती जिवंत आहेत," ती म्हणाली आणि इतरांना हाकायला निघून गेली.

मतदानाची घंटा झाली. ती वाजली की थोड्याच मिनिटांत दारं बंद होतात, मग राजा आला तरी उघडत नाहीत. लँबर्ट बसून राहिला. समोर त्याचंच हस्ताक्षर होतं, शब्द मोडणाऱ्याला कारण नेहमी चांगलंच सापडतं. त्याने दुसरं कारण शोधून पाहिलं, जरा वाईटसं. सापडलं नाही. मग तो उठला आणि धावला. साठी उलटलेल्या माणसाने त्या गुळगुळीत फरशीवर धावू नये अशी पाटी होती, तिच्यासमोरूनच धावला.

होकारवाल्यांनी एका दालनातून आणि नकारवाल्यांनी दुसऱ्यातून जायचं, अशी तिथली मोजणी; नकाराच्या दालनात तो शेवटचा शिरला. दार बंद झालं. माणसं रांगेने पुढे सरकत होती, मोजणारे मोजत होते, आणि लँबर्टच्या मागे कुणी नसताना मागून फरशीवर सपाता घासल्याचा आवाज येत होता. त्याने वळून पाहिलं नाही. पुढच्याच्या कोटाला मागे चिकटलेला एक दोरा होता, तो बघत राहिला.

विधेयक एका मताने पडलं. लोवेनाचा फोन आला. बेटावर चर्चची घंटा वाजवली होती, दारूच्या गुत्त्यात त्याच्या नावाने पेले रिकामे झाले होते आणि एकाने चक्क त्याचं पुस्तक विकत घ्यायचं ठरवलं होतं. "पहिल्यांदाच काहीतरी केलंस, लँबी," ती म्हणाली. ती आयुष्यात त्याच्याशी याहून गोड बोलली नव्हती.

वसंतात लोवेना आजारी पडली. डॉक्टर बोटीने आला, नाडी पाहिली आणि भावाला बोलवा म्हणाला.

त्या आठवड्यात कोंबडीच्या अंड्यांच्या आकारमानाचं विधेयक होतं आणि मतं पुन्हा काठावर होती. प्रू म्हणाली, जोडीशिवाय सोडता येणार नाही, जोडी आणा आणि आत्ता निघा. लँबर्ट चहाच्या खोलीत गेला. पहिल्याने आधीच कुणालातरी शब्द दिल्याचं सांगितलं. दुसऱ्याने घड्याळ पाहिलं. तिसऱ्याने त्याला येताना पाहूनच पाव उचलला आणि टेबल बदललं. चौथा भला माणूस होता, वॉल्टर इंगमन नावाचा, अंड्यांचा व्यापारी. लँबर्टने त्याची बाही धरली.

"माझी बहीण चाललीय, इंगमन. एका दिवसाचा प्रश्न आहे."

इंगमनचा चेहरा पडला. "मनापासून वाईट वाटतं, पास्को. पण तुमच्याशी जोडी लावायची नाही, असं सांगून ठेवलंय आम्हाला."

"कुणी?"

"आमच्यातलाच कुणीतरी. चेहरा नीट नाही आठवत," इंगमन म्हणाला. "पायात सपाता होत्या."

लँबर्टने बाही सोडली.

अंड्यांचं विधेयक शुक्रवारी मंजूर झालं. लोवेना गुरुवारी गेली. हॅलनच्या खडकात कबर खणता येत नाही, त्यामुळे तिथल्या माणसांना पलीकडच्या किनाऱ्यावर पुरतात. शुक्रवारी सकाळी तिला बोटीने नेलं. ती क्रेलच्या धक्क्यावरून निघाली, लँबर्टने वाचवलेल्या बोटीत बसली आणि वेळेवर पोचली.

त्या दुपारी कामकाज संपल्यावर द्वारपालांनी रोजची आरोळी दिली: "घरी कोण जातंय?" जुन्या काळी रस्त्यात चोर लुटत, म्हणून सदस्य जमावाने घरी जात, चोर गेले, आरोळी राहिली. सगळे उठले, कागद गोळा झाले, इंगमनने जाताना त्याच्याकडे बघून टोपीला हात लावला. लँबर्ट शेवटच्या बाकाच्या टोकाला बसून होता. मांडीवर क्रेलचं प्रकरण होतं. सात पानांपैकी साडेसहा त्याने खोडली होती.

आरोळी लांबच्या दारापाशी पुन्हा एकदा ऐकू आली आणि सभागृह रिकामं झालं. तेव्हा त्याच्या लक्षात आलं, की आज पहिल्यांदाच त्याची जागा गार लागत होती. त्याने शेजारच्या जागेवर हात ठेवून पाहिला. ती ऊबदार होती.

मग त्याने कागद उचलून मांडीवर नीट धरले आणि जरासा सरकून बसला, दोघांना पुरेल एवढी जागा करत.