सातचं कोडं, सहाचं उत्तर

त्या कारखान्यात आज भट्टीच्या तोंडाशी कोण उभं राहणार, हे पूर्वी बुक्क्यांनी ठरायचं. वाढवून सांगत नाही. सकाळी सातचा भोंगा झाला की तिघं गडी वाळूच्या ढिगामागे जायचे, आणि जो आधी खाली बसेल तो दिवसभर तोंडाशी. तोंडाशी उभं राहायचं म्हणजे वितळलेल्या लोखंडावर तरंगणारी मळी लांब सळईने ओढून काढायची. बाकीचे दोघं साचे भरायचे, लोखंड ओतायचे, तेही काही फुलं वेचण्याचं काम नव्हे. पण तोंडाशी उभं राहणाऱ्याच्या भुवया आठवड्यात जातात आणि डोळे रात्रभर चुरचुरतात. त्यात भंगारात कुठे ओल राहिली असली तर लोखंड उसळी मारतं, आणि मग माणूस कोण होता हे त्याच्या बुटांवरून ठरवावं लागतं. तसं एकदा झालंही होतं.

वाकड्याचं नाव वाकड्या पडलं ते त्याच ढिगामागे. त्याच्या साडूने, म्हणजे बायकोच्या थोरल्या बहिणीच्या नवऱ्याने, एका सकाळी त्याच्या नाकाचा असा निकाल लावला की ते पुन्हा म्हणून सरळ झालं नाही. सुट्टीच्या दिवशी दोघं एकाच टेबलावर जेवायचे. "मीठ दे," साडू म्हणायचा, आणि वाकड्या मीठ द्यायचा. दोघी बहिणी एका ताटात जेवून वाढलेल्या, त्यांच्यासाठी एवढं गिळावंच लागतं.

मुकादमाला या मारामारीचा वैताग होता. माणुसकी वगैरे काही नाही हो, बरगडी मोडलेला गडी दिवसभर अर्ध्याच हाताने काम करतो, एवढंच त्याचं दुखणं. शेवटी एक दिवस त्याने आपला मोबाईल टेबलावर आपटला. "यात रोज सकाळी सातला शब्दकोडं येतं. एक शब्द लपवलेला, सहा वेळा ओळखायची संधी. तिघांनी एकदम उघडायचं. जो शेवटी राहील तो तोंडाशी. यापुढे कोणी हात उचलला, तर तो कायमचा घरी."

गडी आधी हसले. मग गुपचूप तिघांनीही कोडं मोबाईलवर उतरवून घेतलं, कारण दात सगळ्यांनाच हवे असतात.

तिसरा गडी लंबू. हा वाचनाचा किडा, चहाच्या कपाखालचा कागदसुद्धा वाचून काढणारा. तो दीड मिनिटात मोकळा व्हायचा आणि साच्यांकडे निघून जायचा. खरी शर्यत उरली ती दोन साडूंमध्ये. एक दिवस हा हरायचा, एक दिवस तो. एक दिवसाआड भट्टी माणसाच्या अंगाला झेपते. वर्षभर असं चाललं, आणि कुणाचं काही बिघडलं नाही.

बिघडलं ते वाकड्याच्या मनात. ज्या दिवशी लोखंड उसळलं होतं त्या दिवशी तो त्या माणसापासून दोन हातांवर उभा होता. जे ऐकलं, जो वास आला, ते त्याने बायकोलाही सांगितलं नव्हतं. तेव्हापासून सळई हातात घेतली की त्याला तोच वास यायचा. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात, याचा ब्रह्मराक्षस तर रोज डोळ्यांसमोर पेटलेला. सकाळी सातला मोबाईल उघडला की भलतंच अक्षर दाबलं जायचं आणि एक दिवसाआड हार ठरलेलीच. साडूला सांगता आलं असतं की बाबा रे, मला भीती वाटते. पण ज्याने आपलं नाक फोडलं त्याच्यापुढे हे बोलायला जी छाती लागते, ती वाकड्याकडे नव्हती.

मग एका संध्याकाळी तो घरी आला, तर बायको कॉम्प्युटरपुढे बसलेली. ती घरी बसून लोकांचे अर्ज टाइप करून द्यायची. पडद्यावर तेच कोडं होतं.

"सकाळचं आत्ता सोडवतेस होय?" त्याने विचारलं.

"सकाळचं कुठलं? उद्याचं आहे हे. वेबवर आदल्या दिवशीच संध्याकाळी सहाला लागतं. मोबाईलवाल्यांना सकाळी देतात."

"असं का?"

"त्यांना विचारा. मला काय ठाऊक."

वाकड्या हातपाय न धुताच तिच्या मागे उभा राहिला. चौथ्या संधीला शब्द सुटला. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने मोबाईल उघडला, दोन शब्द मुद्दाम चुकीचे टाकले, तिसऱ्याला बरोबर उत्तर दिलं आणि जन्मात पहिल्यांदा लंबूच्या अगदी पाठोपाठ, साडूला बराच मागे टाकून, साच्यांकडे गेला. साडूने सळई उचलली. "आज काय खाऊन आलास रे?" तो म्हणाला. वाकड्या हसला. त्या दिवशी त्याला जेवण गोड लागलं.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा जिंकला, आणि तिसऱ्याही दिवशी. बायकोच्या मागे उभं राहायचं किती दिवस? त्याने वेबवर स्वतःचं वेगळं खातं काढलं आणि सहाला बरोबर कॉम्प्युटरपुढे बसू लागला. वेबवरचं खातं वेगळं, मोबाईलवरचं वेगळं, इकडचं तिकडे कळण्याचा प्रश्न नव्हता. मांजर डोळे मिटून दूध पितं, आणि हा तर डोळे उघडे ठेवून पीत होता.

आठव्या दिवशी साडूच्या मनगटावरची कातडी सोलली गेली. अकराव्या दिवशी ठिणगी चष्म्याच्या फटीतून आत गेली. तो ओरडला नाही, सळई खाली टेकवून उभा राहिला, डोळा चोळला आणि पुन्हा मळी ओढू लागला. मुकादम म्हणाला, "उद्या दुसऱ्याला उभा करू?" साडू म्हणाला, "हरलो तर हरलो. भीक मागून साच्यांवर जायचं नाही मला." सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, त्यातली गत. वाकड्याने हे तीन पावलांवरून ऐकलं आणि साच्यात वाळू दाबत राहिला. त्या क्षणी त्याला बोलता आलं असतं. पुढेही रोज सकाळी बोलता आलं असतं. माणूस एकदा गप्प बसला की दुसऱ्या दिवशी गप्प बसणं आणखी सोपं जातं, हीच तर सगळी घाण आहे.

साडू पूर्वी कामावर जो राग काढायचा, तो आता घरी नेऊ लागला. पंधराव्या दिवशी त्याने जेवणाचं ताट भिंतीवर फेकलं. सतराव्या दिवशी दिव्याचं बटण लवकर सापडेना म्हणून भिंतीलाच लाथा घातल्या. एकोणिसाव्या दिवशी संध्याकाळी पाचला थोरली बहीण वाकड्याच्या दारात आली, तेव्हा तिचा ओठ फाटलेला होता आणि एक गाल सुजून डोळ्यापर्यंत चढला होता.

वाकड्याच्या बायकोने तिला खुर्चीत बसवलं, ओल्या फडक्याने रक्त पुसलं. "अकरा वर्षांत कधी बोट लावलं नव्हतं गं," थोरली म्हणाली. "आता काही विचारलं तरी अंगावर येतो. डॉक्टरकडे नेला होता. डॉक्टर म्हणाले, भट्टीसमोरून आजच्या आज बाजूला व्हा, आणखी चार-आठ दिवस असंच चाललं तर डोळे जातील. तो कागद फाडून टाकला त्याने. म्हणतो, नशीबच हरवतंय तर मी काय करू. तुझ्या नवऱ्याला सांग ना, एखादा दिवस हरून घे म्हणावं. नात्यातलाच आहे ना."

वाकड्या दाराआड उभा होता. त्याने अक्षर न् अक्षर ऐकलं.

थोरली गेल्यावर बायको बाहेर आली. "ऐकलंत ना?"

"ऐकलं."

"मग?"

"मग काय? मी काय मुद्दाम जिंकतो?" तो म्हणाला. "आणि बायकोवर हात टाकणाऱ्याची मला दया येत नाही. त्याच्या हाताला चांगली अद्दल घडली पाहिजे."

हे वाक्य त्याला स्वतःलाच फार आवडलं. साडू वाईट आहे म्हटलं की आपण आपोआप चांगले होतो, हा हिशेब जगात सगळ्यांनाच जमतो. पण बायकोने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. सहाला पाच मिनिटं कमी होती. तो उठला, कॉम्प्युटरपुढे बसला, आणि तिने त्याला बसताना पाहिलं.

  विसाव्या आणि एकविसाव्या दिवशी ती बरोबर सहाला स्वयंपाकघरातून बाहेर आली, त्याच्या मागे उभी राहिली आणि शब्द सुटल्यावर परत गेली. वाकड्याला वाटलं, हिला कौतुक आहे. नवरे असलेच असतात.

बाविसाव्या दिवशी संध्याकाळी शब्द सुटल्यावर ती म्हणाली, "जरा मोबाईल द्या तुमचा."

"कशाला?"

"तुमची वेबवरची आणि मोबाईलवरची खाती वेगवेगळी आहेत. जोडून देते. इथे लिहिलंय बघा, दोन्हीकडे एकच खातं चालतं, सगळं एकत्र दिसतं."

"बरं," म्हणून त्याने नीट न ऐकताच मोबाईल दिला आणि अंघोळीला गेला.

तेविसाव्या दिवशी सकाळी सातला भोंगा झाला. मुकादमाने बोट वर केलं आणि तिघांनी मोबाईल उघडले. लंबू खाली मान घालून अक्षरं दाबू लागला. साडूने मोबाईल नाकाला लावला, इतका जवळ की काचेवर वाफ धरली. त्याच्या दोन्ही डोळ्यांच्या कडा लाल मांसासारख्या दिसत होत्या आणि गालावर काळपट पाणी सुकलं होतं.

वाकड्याच्या मोबाईलवर रिकामे चौकोन आलेच नाहीत. सगळे भरलेले होते, हिरवेगार. खाली दोन ओळी होत्या. त्याने पडदा पुसला, बंद केला, पुन्हा उघडला. त्याच दोन ओळी. बायकोने काल काय केलं ते त्याला तेव्हा कळलं, आणि का केलं तेही कळलं. 

"काय रे, अडलं का?" म्हणत लंबू त्याच्या खांद्यावरून वाकला. मग त्याने त्या दोन ओळी दोनदा वाचल्या.

"काय लिहिलंय?" साडूने विचारलं.

लंबूने मुकादमाकडे पाहिलं. मुकादम म्हणाला, "वाच."

"आजचं कोडं सोडवून झालं आहे," लंबूने वाचलं. "काल संध्याकाळी सहा वाजून नऊ मिनिटांनी. वेबवरून."

भट्टीचा पंखा घरघरत होता. साडूने मोबाईल खिशात ठेवायला दोनदा हात नेला आणि दोन्ही वेळा खिसा चुकला. शेवटी त्याने तो खाली टाकला.

"किती दिवस?" त्याने विचारलं.

एकच दिवस म्हणता आलं असतं. कालच सापडलं म्हणता आलं असतं. लंबूला ते खोटं वाटलं असतं, पण सिद्ध करता आलं नसतं. वाकड्याच्या जिभेवर ते वाक्य तयार होतं.

"आज धरून तेवीस," तो म्हणाला.

"कुणी हात उचलायचा नाही," मुकादम म्हणाला. "नियम म्हणजे नियम."

साडूने मूठ वळली आणि खांद्यातून सगळा जोर लावून ठोसा हाणला. तो वाकड्याच्या कानाशेजारच्या लोखंडी खांबावर बसला. हाडाचा आवाज सगळ्यांनी ऐकला. बोटांची कातडी फाटून रक्त खांबावरून ओघळलं. साडूने हात झटकला, पुन्हा मूठ वळली, पुन्हा ठोसा हाणला. या वेळी खांबही लागला नाही. ठोसा रिकाम्या हवेतून गेला आणि तो स्वतःच भेलकांडून वाळूच्या ढिगावर पडला.

वाकड्या जागचा हललाच नव्हता. हातभर अंतरावर होता, पूर्ण उजेडात.

लंबूच्या तोंडून काहीतरी अर्धवट निघालं. मुकादमाने टोपी काढली आणि ती हातातच राहिली. साडू चाचपडत उठला, तोंडातली वाळू थुंकली आणि मान इकडून तिकडे फिरवू लागला. तो श्वास ऐकत होता. "कुठे गेलास?" तो म्हणाला. "पळतोस कशाला? थांब की."

वाकड्याला पळता आलं असतं. दार उघडं होतं, मुकादमाने अडवलं नसतं, आणि साडूला तो सापडला नसता. आज सापडला नसता आणि पुढेही कधी नाही. हे त्याच्या पायांना आधी कळलं आणि मग डोक्याला. तेवीस दिवस ज्या भीतीने त्याला पाळलं होतं ती अजूनही होतीच. तसाच तो दोन पावलं पुढे गेला.

"पळालो नाही," तो म्हणाला. "इकडे आहे. तुझ्या डावीकडे."

साडू वळला. ठोसा वाकड्याच्या जबड्यावर बसला, दोन दात जिभेवर आले आणि तो पाठीवर पडला. मुकादम पुढे झाला तेव्हा वाकड्याने पडल्यापडल्याच हात वर करून त्याला थांबवलं. खांब धरून उठला. तोंडातलं रक्त शर्टावर सांडत होतं, शब्द नीट फुटत नव्हते.

"इथे आहे, साडू. समोर."

साडूने फुटलेला हात पुढे केला. वाकड्याचं कपाळ, गाल, हनुवटी एकेक करून चाचपली, अंतर नीट मोजलं आणि पुन्हा मारलं.