कमरेइतका कठडा

हरिसिंगला मुकादमाकडून एक कठडा हवा होता, तोही स्वतःसाठी नव्हे, सुनेसाठी. कामरगावच्या बाजूच्या एका जिनिंगमध्ये, कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, तो खाली कापसाच्या टोपल्या भरून द्यायचा आणि सून कमलीबाई त्यांच्या बंजारा तांड्यातल्या इतर बायांबरोबर त्या डोक्यावर घेऊन दगडी पायऱ्यांनी वर यंत्रांपर्यंत न्यायची. पायऱ्यांच्या एका अंगाला भिंत होती, दुसऱ्या अंगाला काहीच नव्हतं. चढताना तिची पाठ सासऱ्याकडे असायची, तेव्हा ठीक. उतरताना मात्र खाली सासरा दिसला की ती घुंगट हनुवटीपर्यंत ओढायची. तांड्याची रीतच तशी. मग स्वतःच्या पावलांपलीकडचं तिला काही दिसत नसे. त्यात सातवा महिना, आणि नवरा सेवादास दूर रेल्वेच्या कामावर.

घुंगट वर घे, असं सासऱ्यानं सुनेला म्हणायचं तरी कसं? लग्न होऊन आल्यापासून हरिसिंग तिच्याशी सरळ एक शब्द बोललेला नव्हता. तो तोंड फिरवून उभा राही. पण पाठसुद्धा सासऱ्याचीच की, घुंगट खाली यायचाच! स्वतःला दुसरीकडचं काम मागितलं तर मुकादम जगदेव खेकसला, "तुले काय बसाले पाट टाकून देऊ?" कठड्याचं काढलं तर म्हणाला, "दगडात गज कोन ठोकन? इतक्या बाया चढून राह्यल्या, पडली का कोनी?" कोणी पडल्याशिवाय असल्या लोकांना पायरी दिसत नाही.

आणि एके दिवशी सकाळी कठडा उभा. कमरेइतका उंच, काळा कुळकुळीत. हरिसिंगला भरून आलं. एरवी भिंतीला चिकटून, पायानं चाचपत उतरणारी कमलीबाई त्या दिवशी कठड्यावरून हात फिरवत भराभरा खाली आली. दुपारच्या आत तिनं भिंतीची बाजू सोडूनच दिली.

"मुकादम, तुमाले दुवा लागन," हरिसिंग म्हणाला.

जगदेव हसला. "दुवा त्या सरकारी साहेबाले दे. आज कारखाना पाहाले येऊन राह्यला तो. पायऱ्याले कमरेइतका कठडा पाह्यजे म्हने. तो गेला का काढून टाकतो."

"लोखंडाचा कठडा कायले काढता?"

"कायचं लोखंड? बांबू हाये. डांबर फासलं अन् सुतळीनं बांधला. उंची बरोबर हाये ना, झालं."

हरिसिंगनं पायऱ्यांकडे पाहिलं. कमलीबाई रिकामी टोपली घेऊन वरून उतरायला लागली होती, हात कठड्यावर. तो ओरडला, पण यंत्रांच्या घरघरीत त्याचा आवाज त्यालाच ऐकू आला नाही. मग तो धावत पायऱ्या चढला.

घुंगटाखालून तिला दिसले ते सासऱ्याचे पाय. सासरा असा समोर आला तर सुनेनं काय करावं? चांगल्या घरची सून जे करते तेच तिनं केलं. घुंगट आणखी ओढला, भिंतीकडची वाट त्याला मोकळी करून दिली आणि त्याच्याकडे पाठ करून ती कठड्याला टेकली.

सुतळी तुटली. हरिसिंगचा हात पुढे गेला होता. पण सुनेच्या अंगाला हात लावायचा नसतो, हे त्या हाताला जन्मभर शिकवलेलं. तो अर्ध्यात थबकला. तेवढ्यात जे व्हायचं ते झालं.

खाली दगडी फरशी होती. हरिसिंग धावत उतरून तिच्यापाशी बसला. ओढणी बाजूला जाऊन पडली होती आणि त्यानं सुनेचा चेहरा पहिल्यांदाच पाहिला. अगदी पोरसवदा चेहरा, कानाजवळून रक्त वाहत होतं. तिचा एक हात पोटावर होता. दुसरा हात फरशी चाचपत ओढणी शोधत होता, कारण सासरा तिच्यावर वाकलेला होता. हात पुढे सरकला की प्रत्येक वेळी अंग पिळवटायचं आणि ती कण्हायची.

"हालू नको, बाई," तो म्हणाला. सासऱ्याचा आवाज ऐकून तो हात आणखी घाईनं शोधायला लागला.

हरिसिंग उठला. भिंतीपाशी गेला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. जन्मात कधी आली नव्हती इतकी त्याला त्या रीतीची चीड आली, आणि तरीही तो वळला नाही. मागे बायांची धावपळ चालली होती. कोणी पाणी मागत होतं, कोणी बैलगाडी. तांड्यातली म्हातारी सुंदरबाई कमलीचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती.

"सुंदरबाई," त्यानं भिंतीकडे बघतच विचारलं, "हात थांबला का तिचा?"

"थांबला," सुंदरबाई म्हणाली आणि तिनं हंबरडा फोडला.