कुरणाखालचा रस्ता

लढाई नारेव नदी ओलांडून पुढे सरकली आणि ओल्शिनीची माणसं गावात परतली, तेव्हा निम्मी घरं जळून गेली होती. नदीकाठच्या कुरणाला तारेचं कुंपण होतं आणि त्यावर पाटी होती : सुरुंग. मे महिन्यातल्या एका सकाळी वेर्काची एकुलती एक गाय, क्रासुला, तुटक्या तारेतून आत शिरली.

वेर्का कुंपणापाशी पोचली आणि पाटीपाशीच थांबली. गाय दोनशे पावलांवर निवांत चरत होती. घरी दोन लेकरं या गायीच्याच दुधावर होती.

"सोड तिला," शेजारचे इग्नात्सीकाका म्हणाले. "तू गेलीस तर तुझ्या पोरांना काय मी पाजू?"

"काका, तो जुना रस्ता कुठून जायचा?"

काकांनी कुरणाकडे नजर टाकली. त्यांच्या आजाच्या काळी जमीनदाराने अख्खं गाव वेठीला धरून त्या दलदलीत नावेच्या धक्क्यापर्यंत गोटे बसवून घेतले होते. पुढे नदीने पात्र बदललं, धक्का गेला, रस्त्यावर गवत माजलं. पण गोटे खाली होते, आणि गोट्यांत कुणी सुरुंग पुरत बसलं नसणार.

"त्या वाकड्या वाळुंजाच्या झाडापासून निघ," ते शेवटी म्हणाले. "पलीकडच्या चर्चच्या मनोऱ्याकडे तोंड ठेव. रुंदी चार हात, जास्त नाही."

गवत ओढायच्या दाताळ्याचा दांडा टेकवत ती निघाली. दगडावर आपटला की पाऊल टाकायचं. डोळ्यांत घाम उतरत होता. गाय वीसेक पावलांवर राहिली आणि दांडा मऊ मातीत रुतला. इथले गोटे पुरात वाहून गेले होते.

तिला पुढे जाववेना, मागे वळवेना. "ये गं," तिने कशीबशी हाक मारली. क्रासुलाने मान वर केली आणि त्या मऊ मातीवरून सरळ चालत आली. वेर्काने डोळे गच्च मिटून घेतले. हातावर ऊन श्वास लागला तेव्हाच उघडले.

परतताना तिने गाय शिंगाला धरून पावलापावलाने आणली. कुंपणाबाहेर आल्यावरही तिची मूठ सुटेना. काकांनी एकेक बोट सोडवलं.

ऑगस्टच्या सुमाराला सैनिकांनी कुरण साफ केलं. त्या मऊ पट्ट्यात दोन सुरुंग निघाले. ते ऐकून वेर्का उंबऱ्यावरच बसली. त्यानंतर कुरण मोकळं झालं, सगळ्यांची गुरं तिथे जायला लागली. वेर्का मात्र क्रासुलाला जन्मभर रस्त्याच्या कडेलाच चारत राहिली.