चौथ्या बोल्टावर तगलेली खुर्ची

मित्रांनो, पान्ह्याचा आवाज आला की आजही माझ्या अंगाला कापरं भरतं. मी एक जुनी खुर्ची आहे, केस कापायच्या दुकानातली. पाय लोखंडाचा, गादी लाल रेग्झिनची, आणि चार बोल्टांनी फरशीला जखडलेली.

कारखान्यातून आले तेव्हा मी अशी चमकत होते, की गिऱ्हाइकं आरसा सोडून मलाच बघायची. माझ्या मालकांना सगळे मामा म्हणतात. दुकानात खुर्ची एकच, म्हणजे मी. मामांची एक सवय मला फार आवडते. गिऱ्हाईक रोजचं असो नाहीतर फळीवर बसवलेलं चिमुरडं पोर, कात्री चालवण्याआधी ते विचारतात, "किती ठेवू?" उत्तर आल्याशिवाय कात्री हलत नाही.

पुढे माझी गादी उसवली. मामींनी ठिगळ लावलं. बरं चाललं होतं, तेवढ्यात पाण्याची थकबाकी निघाली. या जागेत पूर्वी चहावाला होता. त्याचा मागचा नळ मामा येण्याआधीच बंद झालेला, तरी सरकारी बिलात नळ दोन! मामांनी तक्रारीचा अर्ज दिला. उत्तर आलं नाही. "बघत असतील," म्हणून मामा निर्धास्त राहिले. मी मात्र तेव्हापासूनच धास्तावले होते.

एके सकाळी वसुलीचे साहेब दोन माणसं घेऊन आले.

"नळाचे पैसे भरले नाहीत. खुर्ची जप्त."

"अहो साहेब, माझा अर्ज आहे ना तुमच्याकडे! निदान ऐकून तरी घ्या."

"ऐकायलाच बोलावलं होतं. नोटीस शटरवर लावलीय."

मामींनी शटर खाली ओढलं. खरंच, बाहेरून कागद चिकटवलेला होता! दुकानाच्या सुट्टीच्या दिवशी कुणीतरी लावून गेलं होतं. सकाळी शटर वर गेलं की कागदही आत गुंडाळला जायचा, आणि दुकान बंद करताना मामा अंधारात कुलूप चाचपत घरी निघायचे. सुनावणीची तारीख केव्हाच उलटून गेली होती. मामांचा चेहरा पांढराफटक पडला.

"लावली म्हणजे मिळाली," साहेब म्हणाले.

मामांनी तो कागद कसाबसा सोडवला आणि साहेबांच्या वरच्या अधिकारी बाईंच्या कचेरीकडे धाव घेतली. इकडे पान्हा फिरू लागला. पहिला बोल्ट निघाला तेव्हा मी धीर धरला. दुसरा निघाला तेव्हा जप्तीचं गोदाम आठवलं. तिथे वस्तू गंजून जातात, असं गिऱ्हाइकांच्या तोंडून ऐकलं होतं. तिसरा निघाला आणि मी डुगडुगू लागले. मी गेले तर मामा केस कुठे कापणार? घर कशावर चालणार? तेवढ्यात मामी येऊन माझ्यावर बसल्या.

"आता उचला मला खुर्चीसकट!" त्या म्हणाल्या. आवाज खणखणीत होता, आणि माझे दोन्ही हात त्यांनी घट्ट धरून ठेवले होते.

चौथा बोल्ट मात्र निघेना. वर्षानुवर्षं साबणाचं पाणी पिऊन तो गंजला होता. त्या गंजाला मी किती नावं ठेवली होती! पान्हावाला घामाघूम झाला. मग साहेबांचा फोन वाजला. बाईंचा आवाज एवढा चढला होता, की मलाही ऐकू आला.

"या माणसाची तक्रार आहे, आणि त्याचं म्हणणं कुणी ऐकलेलंच नाही! मी ऐकेपर्यंत एकाही वस्तूला हात लावायचा नाही. पान्हा खाली ठेवा आधी."

सुनावणी झाली. कचेरीची माणसं मागचा कोरडा नळ पाहून गेली, आणि त्याची थकबाकी रद्द झाली. माझे बोल्ट परत बसले. तरी मी अजून जराशी हलते आणि दाराशी कुणी अनोळखी आलं की दचकते.

परवा तोच पान्हावाला केस कापायला आला. तो माझ्यावर बसला. मामांनी त्याच्या गळ्याभोवती कापड बांधलं, कात्री उचलली. आरशात दोघांची नजरानजर झाली. तो अंग चोरून बसला.

"किती ठेवू?" मामांनी विचारलं.

त्याची नजर खाली माझ्या बोल्टांकडे गेली. मामा कात्री वर धरून थांबले.

मित्रांनो, उद्या तुमच्याही हाती कात्री येईल, पान्हा येईल, सहीचं पेन येईल. ते चालवण्याआधी समोरच्याला विचारा. आणि उत्तरासाठी थांबा, मामा कात्री वर धरून थांबले होते तसे.